आठ आण्यांचे तिकीट आणि चाळीस वर्षांची शिक्षा : चिदंबरम पिल्लई यांच्या स्वदेशी आगबोट कंपनीची कहाणी

तुतिकोरिन ते कोलंबो हा आगबोटीचा प्रवास जेमतेम एका रात्रीचा. विसाव्या शतकाच्या आरंभी सिलोनमधील चहाच्या मळ्यांवर कामाला जाणारे तमिळ मजूर, कोलंबोच्या बाजारपेठेत पेढ्या असलेले व्यापारी आणि दोन्ही किनाऱ्यांवर सोयरीक असलेली कुटुंबे या मार्गाने सतत ये-जा करीत असत. मार्गावर मक्तेदारी होती ती ब्रिटिश इंडिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीची. भाडे ती ठरवी, वेळापत्रक ती ठरवी आणि मालाला जागा कोणाच्या द्यायची हेही तीच ठरवी. १९०७ मध्ये मात्र या मार्गावर एक विलक्षण गोष्ट घडली. तिकिटाचे दर कोसळू लागले. ब्रिटिश कंपनीने भाडे एका रुपयावर आणले, समोरच्या नव्या कंपनीने ते आठ आण्यांवर आणले. त्यावर ब्रिटिश कंपनीने प्रवाशांना फुकट नेण्याची तयारी दाखवली आणि वर प्रत्येकाला एक छत्री भेट देऊ केली.

ही समोरची कंपनी म्हणजे ‘स्वदेशी स्टीम नॅव्हिगेशन कंपनी’ आणि तिचा प्राण म्हणजे वल्लिनायगम उलगनाथन चिदंबरम पिल्लई. तमिळनाडूत त्यांना व. उ. चि. या आद्याक्षरांनी आणि ‘कप्पलोट्टिय तमिळन’, म्हणजे जहाज हाकणारा तमिळ, या बिरुदाने ओळखतात. उर्वरित देशात त्यांचे नाव स्वातंत्र्यलढ्याच्या पाठ्यपुस्तकांत एखाद्या ओळीपुरते येते. तेही राजद्रोहाच्या खटल्यातील आरोपी म्हणून. ते एका कंपनीचे संस्थापक होते, भागभांडवल गोळा करण्यासाठी दारोदार फिरले होते, भाड्याच्या जहाजाचा करार ऐन वेळी मोडल्यावर दुसरे जहाज शोधत धावले होते आणि अखेर ती कंपनी आपल्या अनुपस्थितीत मोडली गेल्याचे त्यांना तुरुंगात कळले होते, ही बाजू फारशी सांगितली जात नाही.

चिदंबरम पिल्लई यांचा जन्म ५ सप्टेंबर १८७२ रोजी तेव्हाच्या तिरुनेलवेली जिल्ह्यातील ओट्टपिडारम या गावी झाला. वडील उलगनाथन पिल्लई हे त्या भागातील नावाजलेले वकील. मुलाने काही काळ तालुका कचेरीत कारकुनी केली. पुढे वडिलांनी त्याला कायद्याच्या शिक्षणासाठी तिरुचिरापल्लीला पाठवले. वकिलीची परीक्षा उत्तीर्ण होऊन १८९५ मध्ये त्यांनी गावीच वकिली सुरू केली आणि नंतर तुतिकोरिन या बंदराच्या शहरात बिऱ्हाड हलवले. गरिबांचे खटले ते अनेकदा फी न घेता चालवत. तरीही वकिलीत त्यांचा जम बसला होता, घर खाऊनपिऊन सुखी होते. म्हणजे धंद्यात उतरण्याची कोणतीही सक्ती या माणसावर नव्हती.

१९०५ मध्ये बंगालची फाळणी झाली आणि स्वदेशीची लाट देशभर पसरली. लोकमान्य टिळकांच्या विचारांचा पिल्लई यांच्यावर खोल प्रभाव होता आणि दक्षिणेत टिळकपक्षाचे ते प्रमुख मानकरी होते. स्वदेशी म्हटले की त्या काळी कापड, साखर, आगकाड्या, साबण यांचाच विचार बहुधा होत असे. तुतिकोरिनच्या वकिलाला मात्र समुद्र दिसत होता. आपल्या गावचा माल आणि आपली माणसे परक्याच्या जहाजातून त्याच्या दराने जातात, हा अनुभव त्या बंदरात रोजचा होता. त्यात ब्रिटिश इंडिया कंपनीची तुतिकोरिनमधील अडत हार्वे या गोऱ्या व्यापाऱ्यांच्या पेढीकडे होती आणि शहरातली कोरल मिल ही सूतगिरणीही त्यांचीच. गिरणी आणि गोदी या दोहोंची दोरी एकाच हातात होती. पुढच्या घटना समजून घेताना ही गोष्ट ध्यानात ठेवावी लागते.

कंपनीची उभारणी

१६ ऑक्टोबर १९०६ रोजी कंपनीची नोंदणी झाली. बरोबर एक वर्षापूर्वी याच तारखेला बंगालची फाळणी अंमलात आली होती. भांडवल ठरले दहा लाख रुपये, प्रत्येकी २५ रुपयांचे ४० हजार भाग. २५ रुपये ही त्या काळी लहान रक्कम नव्हे, पण मध्यम व्यापाऱ्याला, शिक्षकाला, वकिलाला एखादा भाग घेणे अशक्यही नव्हते. भाग केवळ भारतीय, सिलोनी आणि इतर आशियाई लोकांनाच घेता येतील असा दंडक होता. पालवनत्तमचे जमीनदार आणि मदुरा येथील तमिळ संगमचे संस्थापक पांडित्तुरै तेवर हे अध्यक्ष झाले. हाजी महंमद बाकीर सेठ यांनी एकट्याने दोन लाखांचे आठ हजार भाग घेतले आणि ते चिटणीस झाले. पिल्लई यांच्याकडे सहायक चिटणीसपद आले. कागदावर दुय्यम, पण प्रत्यक्षात सारा भार त्यांच्याच खांद्यावर होता.

हेतू नुसते भाडे स्वस्त करण्याचे नव्हते. भारतीय तरुणांना नौकानयनाचे आणि जहाजबांधणीचे शिक्षण मिळावे, हेही कंपनीच्या उद्दिष्टांत होते. एका बंदराच्या शहरातील वकिलाने आखलेला हा बेत होता आणि त्याने स्वतः आयुष्यात कधी जहाज चालवलेले नव्हते.

कंपनीकडे सुरुवातीला स्वतःचे जहाज नव्हते. मुंबईच्या शॉ लाइन या कंपनीकडून जहाजे भाड्याने घेऊन वाहतूक सुरू झाली. ब्रिटिश इंडिया कंपनीने दबाव आणला, तशी भाडेकराराने दिलेली जहाजे काढून घेण्यात आली. नवी कंपनी, विकलेले भाग, जाहिरात झालेली वाहतूक आणि धक्क्यावर जहाजच नाही, अशी अवस्था झाली. पिल्लई यांनी कोलंबो गाठून तेथून एक जहाज भाड्याने मिळवले आणि वेळ निभावून नेली. उसन्या जहाजावर धंदा चालणार नाही, हे मात्र या प्रसंगाने स्पष्ट केले. स्वतःची जहाजे विकत घेणे भाग होते.

त्यासाठी ते मुंबईला निघाले. जहाज मिळाल्याखेरीज परतणार नाही, असा निश्चय त्यांनी केला होता. चरित्रकार सांगतात की त्या वेळी घरी थोरला मुलगा आजारी होता आणि पत्नी मीनाक्षी अम्माळ यांचे दिवस भरत आले होते. आप्तेष्टांनी थांबण्याचा आग्रह केला, तो त्यांनी मानला नाही. आज धंदा उभारणाऱ्यांच्या यशकथांत अशा प्रसंगांचे कौतुकच होते. त्या घरातल्या स्त्रीची बाजू मात्र कोणत्याच नोंदीत सापडत नाही.

मुंबईतील धडपडीला यश आले. ‘गॅलिया’ आणि ‘लावो’ ही दोन जहाजे कंपनीच्या मालकीची झाली. १९०७ च्या मे महिन्यात ‘गॅलिया’ तुतिकोरिनला आले, तेव्हा किनाऱ्यावर लोटलेल्या गर्दीने त्याचे स्वागत केले. सुब्रमण्य भारती यांच्या ‘इंडिया’ साप्ताहिकाने या घटनेचा गौरव केला. प्रत्येक जहाजावर वरच्या दोन वर्गांचे मिळून काही डझन आणि साध्या वर्गाचे सुमारे १,३०० उतारू, शिवाय चार हजार पोती माल मावेल एवढी जागा होती, अशी तपशीलवार माहिती तेव्हा प्रसिद्ध झाली होती. कंपनीची खरी मदार कोणावर होती, हे या आकड्यांतच दिसते. पहिल्या वर्गाच्या साहेबांपेक्षा डेकवर बसून कोलंबोला जाणाऱ्या सामान्य उतारूवर ती चालायची होती.

दरयुद्ध

तुतिकोरिनचे बंदर उथळ. मोठ्या आगबोटी किनाऱ्यापासून काही मैलांवर नांगर टाकत आणि उतारू व माल लहान नावांतून ने-आण करावा लागे. म्हणजे जहाजाबरोबर लाँचही हवी, खलाशीही हवेत आणि बंदर खात्याची, सीमाशुल्काची, आरोग्य तपासणीची मर्जीही हवी. स्वदेशी कंपनीच्या उतारूंना तपासणीत मुद्दाम अडवून ठेवले जाते, विरोधी कंपनीच्या उतारूंना मात्र मोकळी वाट मिळते, अशा तक्रारी कंपनीकडून होत राहिल्या.

याहून मोठे संकट दरांचे होते. आगबोटीचा धंदा असा की जहाज भरलेले असो वा रिकामे, कोळसा तेवढाच जळतो. खलाशांचा पगार, विमा, बंदराचे शुल्क यात फरक पडत नाही. एका फेरीत हजार उतारू मिळाले तर फायदा, दोनशे मिळाले तर तोटा. ज्याच्या ताफ्यात अनेक जहाजे आणि अनेक मार्ग आहेत, तो एका मार्गावरचा तोटा दुसऱ्या मार्गावरच्या नफ्यातून वर्षानुवर्षे भरून काढू शकतो. ज्याच्याकडे दोनच जहाजे आणि एकच मार्ग आहे, त्याच्यासाठी प्रत्येक रिकामी फेरी भागधारकांच्या मुद्दलातून जाते. १८५६ मध्ये स्थापन झालेल्या ब्रिटिश इंडिया कंपनीला हे गणित चांगले ठाऊक होते. जमशेटजी टाटा यांनी १८९० च्या दशकात पूर्वेकडच्या मार्गावर स्वतःची जहाज कंपनी सुरू केली, तेव्हा पी अँड ओ कंपनीने याच उपायाने, दर पाडून, तिला गाशा गुंडाळायला लावले होते. टाटांसारख्या भांडवलदाराला जे झेपले नाही, ते तुतिकोरिनच्या एका वकिलाच्या कंपनीपुढे येऊन ठाकले.

तरीही पहिले काही महिने लोक स्वदेशीच्या बाजूने उभे राहिले, ही गोष्ट लक्षणीय आहे. फुकट प्रवास आणि छत्री नाकारून आठ आणे मोजणाऱ्यांत मोलमजुरी करणारेही होते. व्यापाऱ्यांनी आपला माल स्वदेशी जहाजातूनच पाठवायचा असा निर्धार केला. ब्रिटिश कंपनीचा या मार्गावरचा धंदा एवढा बसला की पिल्लई यांनी कंपनी सोडावी म्हणून त्यांना एक लाख रुपये देऊ करण्यात आले, असे त्यांच्या चरित्रांत नमूद आहे. त्यांनी ते नाकारले. पुढच्या आयुष्यात शंभर रुपयांसाठीही त्यांना कोणाकडे शब्द टाकावा लागला, हे ध्यानात घेतले म्हणजे या नकाराची किंमत कळते.

कंपनीच्या आतही सारे आलबेल नव्हते. संस्थापकाच्या राजकारणाचा बोजा कंपनीवर पडतो, असे संचालकांपैकी काहींना वाटू लागले. त्यांची भीती निराधार म्हणता येणार नाही. डिसेंबर १९०७ मध्ये पिल्लई सुरतेच्या काँग्रेस अधिवेशनाला टिळकांच्या बाजूने उपस्थित होते. तिथून परतल्यावर सुब्रमण्य शिव या तरुण वक्त्यासह तुतिकोरिनच्या समुद्रकिनाऱ्यावर त्यांच्या सभा जवळजवळ रोज होऊ लागल्या. सरकारच्या दृष्टीने कंपनी आणि चळवळ यांत भेद उरला नाही. पण हेही खरे की ही चळवळ नसती, तर आठ आण्यांचे तिकीट कोणी काढलेच नसते. कंपनीला उतारू देणारी आणि कंपनीवर सरकारचा रोष ओढवणारी शक्ती एकच होती. पिल्लई यांनी या दोहोंत निवड करण्याचा प्रयत्न केल्याचे दिसत नाही. व्यवहारी संचालकाने तो केला असता, आणि कदाचित कंपनी आणखी काही वर्षे तगलीही असती. ती मग कोणत्या अर्थाने स्वदेशी राहिली असती, हा प्रश्न वेगळा.

संप, अटक, निकाल

फेब्रुवारी १९०८ च्या अखेरीस कोरल मिलच्या कामगारांनी संप पुकारला. दीर्घ कामाचे तास, तुटपुंजी मजुरी, आठवड्याच्या सुट्टीचा अभाव ही कारणे होती. संपाचे नेतृत्व पिल्लई आणि शिव यांनी केले. न्हाव्यांनी, धोब्यांनी गिरणीमालकांच्या बाजूच्या लोकांची कामे नाकारावीत इतका शहराचा पाठिंबा संपाला मिळाला. साधारण नऊ दिवसांत मालकांना नमते घ्यावे लागले. मजुरीत वाढ, रविवारची सुट्टी आणि कामाच्या तासांत कपात पदरात पडली. कोरल मिलचे मालक तेच ब्रिटिश इंडिया कंपनीचे अडते असल्याने हा दुसरा पराभव त्यांना अधिक झोंबला असणार.

९ मार्चला बिपिनचंद्र पाल यांची तुरुंगातून सुटका व्हायची होती. तो दिवस साजरा करण्यास जिल्हा प्रशासनाने मनाई केली, तरी सभा झाली. १२ मार्च १९०८ रोजी तिरुनेलवेली येथे पिल्लई, शिव आणि पद्मनाभ अय्यंगार यांना अटक झाली. दुसऱ्या दिवशी तिरुनेलवेलीत दुकाने बंद झाली, जमावाने सरकारी इमारतींना आगी लावल्या आणि पोलिसांच्या गोळीबारात चार जणांचा बळी गेला.

खटला सत्र न्यायाधीश पिन्हे यांच्यापुढे चालला. ७ जुलै १९०८ रोजी निकाल लागला. राजद्रोहासाठी वीस वर्षे आणि शिव यांना साहाय्य केल्याबद्दल आणखी वीस वर्षे, अशी एकापाठोपाठ एक भोगायची चाळीस वर्षांची काळ्या पाण्याची शिक्षा पिल्लई यांना सुनावण्यात आली. त्यांचे वय तेव्हा ३५ होते. शिव यांना दहा वर्षे झाली. त्यानंतर पंधराच दिवसांनी, २२ जुलैला मुंबईत टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली आणि महाराष्ट्राचे लक्ष स्वाभाविकपणे मंडालेकडे वळले. तिरुनेलवेलीचा निकाल इतका कठोर होता की भारतमंत्री मॉर्ली यांनीही व्हाइसरॉय मिंटो यांना लिहिलेल्या पत्रात त्याविषयी तीव्र नापसंती कळवली. अपिलात शिक्षा सहा वर्षांपर्यंत खाली आली. पण घरावर घाला पडायचा तो पडला होता. निकाल ऐकून धाकटे बंधू मीनाक्षीसुंदरम यांच्या मनाचा तोल गेला आणि तो पुढे कधीच पूर्ण सावरला नाही.

कोइमतूरच्या मध्यवर्ती तुरुंगात पिल्लई यांना सक्तमजुरी मिळाली. बैलाच्या जागी जुंपून तेलाचा घाणा ओढायला लावण्यात आले. अंदमानच्या आठवणींमुळे मराठी वाचकाला कोलू म्हणजे काय हे सांगावे लागत नाही. हा घाणा पुढे स्मारक म्हणून जतन करण्यात आला. १९१० च्या अखेरीस त्यांना कण्णूरच्या तुरुंगात हलवले. तुरुंगातच त्यांनी जेम्स ॲलन या इंग्रज लेखकाच्या चिंतनपर पुस्तकांचे तमिळ भाषांतर केले.

बाहेर कंपनीची घडी विस्कटत गेली. ज्या माणसाच्या शब्दावर व्यापारी माल देत होते आणि लोक भाग घेत होते, तोच नव्हता. धाकामुळे उतारू कमी झाले, कर्जे वाढली, संचालकांचा धीर सुटला. १९११ मध्ये कंपनी अवसायनात निघाली आणि जहाज प्रतिस्पर्धी कंपनीलाच विकण्यात आले. ज्या कंपनीशी झुंज घेण्यासाठी ते जहाज आणले, तिच्याच ताफ्यात ते गेले. कण्णूरच्या कोठडीत ही बातमी पोहोचली, तेव्हा पिल्लई यांना सर्वाधिक दुःख या विक्रीचेच झाले, असे त्यांचे चरित्रकार सांगतात. त्याच वर्षी १७ जूनला मणियाच्ची स्थानकावर वांची अय्यर या तरुणाने तिरुनेलवेलीचे जिल्हाधिकारी ॲश यांना गोळी घातली आणि लगेच स्वतःलाही संपवले. १९०८ मध्ये तुतिकोरिनला अधिकारी असताना ॲश यांनी स्वदेशी कंपनी आणि तिचा संस्थापक यांना चिरडण्यात पुढाकार घेतल्याची भावना त्या भागात सर्वत्र होती.

किराणा आणि रॉकेल

डिसेंबर १९१२ मध्ये पिल्लई सुटले. १९०७ मध्ये ‘गॅलिया’ पाहायला किनारा फुलला होता, तुरुंगाच्या दारात मात्र बोटांवर मोजण्याइतकीच माणसे होती. त्यांत सुब्रमण्य शिव होते. तुरुंगात जडलेल्या कुष्ठरोगाने त्यांची दशा अशी झाली होती की त्यांना ओळखणेही कठीण जावे. राजद्रोहाच्या शिक्षेमुळे पिल्लई यांची वकिलीची सनद गेली होती, घरची मालमत्ता खटल्यात आणि कंपनीत संपली होती. पत्नी आणि मुलांसह ते मद्रासला आले. जहाज कंपनीच्या संस्थापकाने तिथे किराणा मालाचे आणि रॉकेलचे दुकान टाकले. धंदा म्हणून तेही फारसे चालले नाही. टिळक मंडालेहून परतल्यावर त्यांच्याकडून काही काळ पिल्लई यांना आर्थिक साहाय्य मिळत होते. तुतिकोरिन आणि पुणे यांच्यातला हा धागा अखेरपर्यंत टिकला.

याच काळातला एक पत्रव्यवहार इतिहासकार ए. आर. वेंकटाचलपती यांच्या संशोधनामुळे प्रकाशात आला. दक्षिण आफ्रिकेतील भारतीयांनी पिल्लई यांच्यासाठी वर्गणी जमवली होती आणि ती गांधीजींच्या हस्ते पोहोचायची होती. १९१५ मध्ये गांधीजी मद्रासला आले, तेव्हापासून या रकमेविषयी पत्रे सुरू झाली. रक्कम होती ३४७ रुपये १२ आणे. हिशेब लागायला, कागद सापडायला महिन्यांमागून महिने गेले. एकीकडे संकोच आणि दुसरीकडे घरची निकड, अशा कोंडीत पिल्लई पुन्हा पुन्हा पत्र लिहीत राहिले. अखेर १९१६ च्या आरंभी पैसे हाती आले. दहा लाख भांडवलाच्या कंपनीचा संस्थापक पावणेचारशेही न भरणाऱ्या रकमेची आठवण करून देतो आहे, ही पत्रे वाचताना मन विषण्ण होते. वेंकटाचलपती यांना तिरुनेलवेलीच्या १९०८ च्या उठावावरील तमिळ ग्रंथासाठी २०२४ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला, त्यामुळे या कालखंडाकडे पुन्हा लक्ष वेधले गेले.

टिळकांच्या निधनानंतर महिन्याभराने, सप्टेंबर १९२० मध्ये, कोलकात्याच्या विशेष अधिवेशनात असहकाराचा ठराव आला. तो पिल्लई यांना पटला नाही आणि ते काँग्रेसपासून दूर झाले. पुढे वॉलेस या इंग्रज न्यायाधीशांच्या साहाय्याने त्यांना वकिलीची सनद परत मिळाली. त्या कृतज्ञतेपोटी त्यांनी आपल्या एका मुलाचे नाव वालेश्वरन ठेवले. एका गोऱ्या न्यायाधीशाने चाळीस वर्षांची शिक्षा दिली आणि दुसऱ्याचे नाव घरात रोज हाकेत राहिले. कोविलपट्टी येथे आणि नंतर पुन्हा तुतिकोरिनला त्यांनी वकिली केली, पण पूर्वीचा जम बसला नाही. उरलेला वेळ तमिळ विद्येला दिला. ‘तोलकाप्पियम’ या प्राचीन व्याकरणग्रंथाचे आणि ‘तिरुक्कुरळ’चे टीकांसह संपादन केले, पद्यात आत्मचरित्र लिहिले.

कंपनीने त्यांना काय दिले, याचा हिशेब पैशांत मांडला तर फक्त नावेची बाजू भरते. दुसऱ्या बाजूला काही असेल तर ते १९०७ मधील त्या महिन्यांत आहे. तेव्हा वेगवेगळ्या धर्मांच्या आणि जातींच्या माणसांनी एका भारतीय कंपनीत पैसे घातले, मजुरांनी फुकट तिकीट परतवून लावले आणि मद्रास इलाख्याच्या एका टोकाला असलेल्या बंदरातल्या घडामोडींची दखल थेट लंडनपर्यंत घेतली गेली. आयुष्याच्या अखेरपर्यंत लोक त्यांना ओळखत राहिले ते त्या जहाजांमुळेच. वकील म्हणून किंवा ग्रंथकार म्हणून ते तितके लोकांच्या लक्षात राहिले नाहीत.

कंपनी बुडाल्यावर अवघ्या आठ वर्षांनी, ५ एप्रिल १९१९ रोजी, मुंबईहून ‘लॉयल्टी’ हे जहाज लंडनला निघाले. सोलापूरचे वालचंद हिराचंद आणि मुंबईचे नरोत्तम मोरारजी यांच्या सिंदिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीचे ते जहाज ग्वाल्हेरच्या महाराजांकडून घेतले होते. या कंपनीचे अधिकृत भांडवल साडेचार कोटी रुपये होते, म्हणजे स्वदेशी कंपनीच्या पंचेचाळीस पट. तरीही तिच्यावर दरयुद्धाचे तेच हत्यार चालवण्यात आले. १९२३ मध्ये इंचकेप यांच्या कंपन्यांशी करार करून, परदेशी मार्गांवरचा हक्क काही वर्षे सोडूनच सिंदियाला तग धरता आला. तुतिकोरिनला अशा तडजोडीची मुभाही नव्हती आणि ती करणारा माणूसही तिथे नव्हता. ५ एप्रिल हा दिवस आज राष्ट्रीय सागरी दिन म्हणून पाळला जातो. १६ ऑक्टोबरला तसा कोणताही मान नाही.

पिल्लई यांच्यावर १९६१ मध्ये बी. आर. पंतुलू यांनी चित्रपट काढला, त्यात शिवाजी गणेशन यांनी त्यांची भूमिका केली. १९७२ मध्ये जन्मशताब्दीनिमित्त टपाल तिकीट निघाले. तुतिकोरिनच्या बंदराला २०११ मध्ये व्ही. ओ. चिदंबरनार यांचे नाव देण्यात आले. लहान नावांतून उतारू न्यावे लागत असलेल्या त्या उथळ किनाऱ्याजवळ आज खोल पाण्याचे मोठे बंदर उभे आहे.

अखेरच्या वर्षांत त्यांना कायद्याची पुस्तके विकून घर चालवावे लागले, असे सांगतात. मृत्यूपूर्वी त्यांनी सांगितलेल्या मृत्युपत्रात वाटून देण्याजोगे फारसे काही नव्हते. त्यात मुख्यत्वे देण्यांची यादी होती. कापडाच्या दुकानाचे किती, किराण्याचे किती, तेलवाल्याचे किती. १८ नोव्हेंबर १९३६ रोजी तुतिकोरिनच्या काँग्रेस कार्यालयात त्यांचे निधन झाले. त्यांच्या इच्छेनुसार शेवटच्या घटकांत त्यांना तिथे हलवण्यात आले होते.